परवानगी मिळाली, रविवार मिळाला का?

प्रश्न : मी ४२ वर्षांची आहे. बारावी झाली आणि त्याच उन्हाळ्यात लग्न झालं. आता मुलगी अकरावीला आहे, तिचा अभ्यास घेता घेता मलाच बी.ए. करावंसं वाटायला लागलंय. यजमान नाही म्हणत नाहीत, 'शिक की, कोण अडवतंय?' म्हणतात. सासूबाईंचं म्हणणं, या वयात शिकून काय कलेक्टर व्हायचंय? पण पुस्तक उघडलं की पाच मिनिटांत कुणाची तरी हाक येते. शिवाय बारावीची गुणपत्रिका माहेरच्या नावाची आणि आधार सासरच्या. मुक्त विद्यापीठाच्या पदवीला किंमत असते का, असं जाऊबाई विचारतात ते वेगळंच.
– एक वाचक, वडूज

उत्तर : जाऊबाईंपासून सुरुवात करू, त्यांचं उत्तर सोपं आहे. नाशिकचं यशवंतराव चव्हाण महाराष्ट्र मुक्त विद्यापीठ १९८९ साली राज्याच्या कायद्याने स्थापन झालं. तो काही गल्लीतला क्लास नाही. मान्यताप्राप्त दूरशिक्षणाची पदवी नियमित कॉलेजच्या पदवीच्या बरोबरीची धरावी, हे विद्यापीठ अनुदान आयोगाने सप्टेंबर २०२२ मध्ये स्पष्टपणे सांगितलं आहे. बघायचं ते इतकंच, की तुम्ही प्रवेश घ्याल त्या वर्षी त्या अभ्यासक्रमाला आयोगाच्या दूरशिक्षण विभागाची मान्यता आहे ना. यादी संकेतस्थळावर असते. मुलीला मोबाइलवर काढून द्यायला सांगा, तेवढाच तिचाही हातभार.

सासूबाईंना उत्तर देऊच नका. रमाबाई रानड्यांचं लग्न १८७३ साली झालं तेव्हा त्या अकरा वर्षांच्या होत्या. पती माधवरावांनी, म्हणजे न्यायमूर्ती रानड्यांनी, त्यांना शिकवायला घेतलं आणि घरातल्या बायकांनी त्यांना टोमण्यांनी हैराण केलं. रमाबाई उलटून बोलल्या नाहीत, पण पाटीही सोडली नाही. पुढे १९०९ मध्ये त्यांनी पुण्यात सेवासदन उभं केलं, ते मोठ्या वयाच्या बायकांना शिकता यावं म्हणूनच. शंभर वर्षांत टोमणे मात्र तेच राहिले. त्यातला कलेक्टर तेवढा नवा.

मला काळजी वाटते ती यजमानांच्या वाक्याची. तालुक्याच्या अभ्यासकेंद्रावर मी बरीच वर्षं समंत्रक, म्हणजे मुक्त विद्यापीठाच्या विद्यार्थ्यांचे तास घेणारी शिक्षिका, होते. 'घरचे काय म्हणतात?' असं विचारलं की दहातल्या नऊ जणी हेच सांगायच्या, 'कोण अडवतंय म्हणतात.' आणि खरंच कोणी अडवलेलं नसायचं. फक्त संपर्क सत्राच्या, म्हणजे केंद्रावरच्या तासांच्या, रविवारी सकाळी अकराच्या आत भाकरी, कालवण, धुणं, जनावरांचं सगळं उरकून यायचं, मांडीवर फोन ठेवून शेवटच्या बाकावर बसायचं, आणि अर्थशास्त्राच्या तासाला 'मसाल्याचा डबा वरच्या फळीवर' असं कुजबुजत सांगायचं. परवानगी होती, मोकळीक नव्हती.

म्हणून यजमानांना सरळ विचारा : महिन्यातले कुठले रविवार माझे? त्या दिवशी चूल कोण बघणार? नावं ठरवून घ्या. 'बघू, करतील कोणीतरी' हे उत्तर चालवून घेऊ नका. त्या कोणीतरीचं नाव शेवटी तुमचंच निघतं. घरी रोजचा एक तास हवा, तोही सगळे झोपल्यावरचा नको. तोवर तुम्ही इतक्या दमलेल्या असता की पुस्तक छातीवरच राहतं. मुलगी अभ्यासाला बसते तेव्हा तिच्याच टेबलाशी बसा. तिला हाक मारायची नाही हा नियम बहुतेक घरांत आपोआप पाळला जातो, त्याचा फायदा तुम्हालाही मिळेल.

परीक्षेच्या तारखा कळल्या की भावकीत सांगून टाका. उन्हाळी परीक्षा ऐन लग्नसराईत येते, आणि पेपरच्या दिवशीच चुलत दिराच्या मुलीची हळद निघते. आमच्या केंद्रावरची एक बाई हळद लागलेल्या हातांनीच पेपरला आली होती, उत्तरपत्रिकेच्या पहिल्या पानावर पिवळा अंगठा. पर्यवेक्षकाने तिला हात धुवून यायला सांगितलं आणि तेवढी मिनिटं तिची गेली. पास झाली ती, पण त्या विषयावरून ती अजून चिडते.

एक गोष्ट कोणी सांगत नाही. वीस-बावीस वर्षं तुमच्या हातात लाटणं, विळी, फार तर किराणा यादी लिहायला पेन. पेपरला सलग लिहायची वेळ येते तेव्हा डोकं चालतं, हातच दुखून थांबतो. मी कितीतरी जणींना उत्तर येत असून ते अर्धवट सोडताना बघितलंय. प्रवेश घेतल्या दिवसापासून घड्याळ लावून रोज एक पान हाताने लिहा, काहीही. हळूहळू दोन करा, चार करा. हात बसला की निम्मी भीती जाते.

आता नाव. हे काम फॉर्म भरण्याआधी उरका. प्रवेश एका नावाने आणि पदवी दुसऱ्या नावाने हवी असेल तर नंतरचे हेलपाटे दुप्पट. बारावीच्याच नावाने पुढे जायचं तर दहावी, बारावी, पदवी एका ओळीत राहतात, पण आधारशी मेळ बसत नाही आणि हल्ली सगळी नोंदणी आधारावरच चालते. सासरचं नाव लावायचं तर विवाह नोंदणीचा दाखला आणि नावबदलाची राजपत्रातली प्रसिद्धी, हे दोन कागद हाताशी हवेत. लग्नाची नोंदणी राहिली असेल तर आधी ती करून घ्या. पत्रिका आणि हॉलमधला फोटो कपाटात आहे यावर कोणी दाखला देत नाही. केंद्रावर जाऊन त्यांना नेमकं काय चालतं ते विचारा आणि चिठ्ठीवर लिहून घ्या.

प्रश्न : मी पीएच.डी. करते. सातवा महिना सुरू आहे. मार्गदर्शक म्हणाले, 'आता बाळ की प्रबंध, एक काय ते ठरवा. मुदत संपली तर माझ्याकडे येऊ नका.' रजा मागायची तरी कशी?
– संशोधक विद्यार्थिनी, नांदेड

उत्तर : मागायची कसली, अर्ज द्यायचा. विद्यापीठ अनुदान आयोगाच्या २०२२ च्या पीएच.डी. नियमांत स्त्री संशोधकांना पूर्ण कालावधीत एकदा २४० दिवसांपर्यंत प्रसूती व बालसंगोपन रजा आहे. २०१६ च्या नियमांतही ती होतीच, त्यामुळे तुमची नोंदणी जुनी असली तरी बिघडत नाही. २०२२ च्या नियमांतलं मुदतीचंही ऐका : एरवी सहा वर्षं, पुनर्नोंदणीने आणखी दोन, आणि स्त्रियांना त्यावर आणखी दोन वर्षांची सवलत मिळू शकते, एकूण दहाच्या पुढे नाही. सर हे विसरले असतील, किंवा त्यांना विसरायचं असेल.

अर्ज मार्गदर्शकांमार्फत विभागप्रमुखांना, नियमाचा उल्लेख करून, डॉक्टरांचं प्रमाणपत्र जोडून. स्वतःच्या प्रतीवर आवक क्रमांक आणि तारखेचा शिक्का घेतल्याशिवाय टेबल सोडू नका. तोंडी झालेलं काहीच झालेलं नसतं. फेलोशिप असेल तर रजेतले पैसे कसे मिळतात ते फेलोशिप देणाऱ्या संस्थेला वेगळं विचारा. आणि पुढे यजमानांच्या बदलीमुळे गाव सोडावं लागलं, तर संशोधन दुसऱ्या संस्थेत हलवायचीही सोय त्याच नियमांत आहे, काही अटी पाळून.

सरांशी भांडण मात्र आत्ता काढू नका. शिक्का मिळवा आणि विश्रांती घ्या.

प्रश्न : वय ६१. बँकेतून निवृत्त. मराठीत एम.ए. करायचंय. मुलगा हसतो, म्हणतो, 'आई, आता तुला कॉलेजचं ओळखपत्र हवंय का?'
– डोंबिवली

उत्तर : हवंय म्हणा. ते मिळालं की फ्रिजवर चिकटवा. प्रवेशाला वयाची अडचण नाही, पैसे तुमचे, दुपार तुमची. तुम्हाला कोणाला काही पटवून द्यायचंच नाहीये. कादंबऱ्या तुम्ही आनंदाने वाचाल, पण भाषाविज्ञान आणि व्याकरणापाशी भल्या भल्या अडखळतात. ती पुस्तकं आधी मागवा.