व्हिज्युअल बेसिक ६ शिकायला सुरुवात कोणत्या पुस्तकापासून करावी?

कामावर जुना व्हीबी ६ चा कोड सांभाळायचा आहे आणि पाटी कोरी आहे, तर मायकेल हॅलव्हर्सन यांचं 'स्टेप बाय स्टेप' आधी घ्या. फॉर्मवर, म्हणजे प्रोग्रामच्या खिडकीवर, बटण ठेवायचं, डबल-क्लिक करून कोड लिहायचा, एफ५ दाबून प्रोग्राम चालवून बघायचं. हात असाच बसतो. पेट्रुट्सोस यांचं 'मास्टरिंग' जाडजूड आहे, अडलं की उघडायला उत्तम. जुनी प्रत विकत घेताना मुखपृष्ठावर ६ हा आकडा आहे ना, ते नक्की बघा. २००२ मध्ये आलेलं व्हीबी डॉटनेट, म्हणजे व्हिज्युअल बेसिकची नंतरची आवृत्ती, वेगळं आहे, त्यातला बराचसा कोड इथे चालणार नाही. आणि प्रत्येक मॉड्यूलच्या, म्हणजे कोडच्या फाइलच्या, सुरुवातीला 'ऑप्शन एक्स्प्लिसिट' लिहाच, म्हणजे आधी जाहीर न केलेलं व्हेरिएबल वापरलं की लगेच चूक दाखवली जाते. नाहीतर व्हेरिएबलच्या नावातली एक चूक शोधण्यात अख्खी दुपार जाते.