गंगेवर की गोदावरीच्या काठी?

प्रिय मुली,
अनेक आशीर्वाद.

तुझी कथा दोनदा वाचली. लिहितेस मनापासून. पण तुझी नायिका संध्याकाळी ‘गोदावरीच्या काठी’ जाऊन बसते, तिथे मी अडखळलो. आपल्या नाशिकमध्ये गोदावरीला गंगाच म्हणतात; पंचवटीत वाढलेली मुलगी ‘गंगेवर’ जाते. तूही घरी ‘गंगेवर जाऊन येते’ असंच सांगत असशील. मग कागदावर हा शब्द का पुसलास?

कुसुमाग्रजांची ‘कणा’ पुन्हा काढून वाच. पुरात घर गेलेला विद्यार्थी सरांकडे येतो, नदीला गंगामाई म्हणतो आणि पुराला पाहुणी. मला त्यात आपल्या घाटावरचं बोलणं ऐकू येतं. आपण अजूनही पूर नदीपात्रातल्या दुतोंड्या मारुतीच्या मूर्तीवर मोजतो, कमरेला लागलं, छातीला लागलं असं. धरणातून किती क्युसेक सोडलं हे नंतर. २००८ च्या पुरानंतर मी भांडी बाजारात गेलो होतो. एक दुकानदार पत्र्याच्या तुकड्याने फरशीवरचा चिखल खरवडत बसला होता. शेजारी पातेल्यांची उतरंड, प्रत्येकात गाळ. मी काही विचारायच्या आत तोच म्हणाला, “सर, पाहुणी येऊन गेली.” आणि पुन्हा खरवडायला लागला. कविता त्याने कधी वाचली होती कोण जाणे, पण त्या सकाळी तीच त्याच्या तोंडी आली. हे पाहिल्यापासून साहित्य शहराचं काय करतं, असं कुणी विचारलं की मला तो माणूस आठवतो.

दुसरं म्हणजे, तुझ्या कथेतलं शहर मुंबईहून उसनं आणलेलं वाटतं. लोकल नाही म्हणून सिटी बस घातलीस, एवढंच. कथाकार बाबूराव बागूल आपल्या विहितगावचे. जन्म १९३० चा, काळाराम मंदिराचा सत्याग्रह सुरू झाला त्याच वर्षीचा. त्यांनी मुंबई लिहिली, पण माटुंगा लेबर कॅम्पमध्ये राहून, अंगावर घेऊन. ‘जेव्हा मी जात चोरली होती’ हे त्यांच्या कथांचं पुस्तक १९६३ साली आलं आणि मराठी वाचकाला अशा वस्त्यांत घेऊन गेलं, जिकडे त्याचं पाऊल वळत नव्हतं.

तुझं घर सिडकोत, तिसऱ्या स्कीममध्ये. वडील अंबडला कारखान्यात. त्यांची पाळी बदलली की घरातलं जेवण, झोप, टीव्हीचा आवाज, सगळं बदलतं, हे तूच मला सांगितलंस. कथेत त्यातलं एक अक्षर नाही! सातपूर-अंबडच्या अशा हजारो घरांचं नाशिक अजून फार थोडं लिहिलं गेलंय, याची मला खरंच खंत वाटते.

बागूल सार्वजनिक वाचनालयात मिळतील. १८४० पासूनचं वाचनालय आहे, सभासद नसशील तर आधी हो. पण त्याआधी एक कर. वडील रात्रपाळीहून येतात तेव्हा दार कोण उघडतं, पहिला शब्द कोण बोलतं, डबा कुठे ठेवला जातो, तेवढंच लिहून आण. शनिवारी संध्याकाळी मी गंगेवर असेन, यशवंतराव महाराज पटांगणाजवळ.

तुझा,
सर