'कॅरॅक्टर'ला ऑस्कर मिळाल्यानंतर डच दिग्दर्शक माइक व्हॅन डीम यांनी इतके कमी चित्रपट का केले?

१९५९ साली जन्मलेल्या व्हॅन डीम यांची 'अलास्का' ही विद्यार्थिदशेतील फिल्म १९८९ची. तिला विद्यार्थ्यांसाठीचे ऑस्कर मिळाले. पुढे 'प्लेडोय' या वकिलांवरील डच मालिकेचे त्यांनी दिग्दर्शन केले.

डच लेखक बोर्डेवाइक यांच्या १९३८च्या कादंबरीवर आधारलेला 'कॅरॅक्टर' (१९९७) हा त्यांचा पहिलाच मोठा कथाचित्रपट, आणि त्यालाच सर्वोत्तम परभाषिक चित्रपटाचे ऑस्कर मिळाले. त्याची सुरुवात मला आजही हलवून सोडते: तरुण वकील काटाड्रॉफे बेलिफ (न्यायालयाच्या आदेशाने वसुली-जप्ती करणारा अधिकारी) असलेल्या बापाच्या कचेरीत शिरतो, टेबलात सुरा खुपसतो, जायला निघतो आणि एकाएकी मागे वळून त्याच्यावर झेप घेतो. यान डेक्लेर यांनी उभा केलेला तो बाप, जो पोटच्या मुलाच्या मागे कर्जवसुलीचा ससेमिरा लावतो, विसरता येत नाही.

त्यानंतर हॉलिवूडचे 'स्पाय गेम' त्यांच्याकडे आले होते, परंतु ते त्यातून बाहेर पडले आणि तो चित्रपट टोनी स्कॉट यांनी केला. मधली बरीच वर्षे त्यांनी जाहिरातपटांचे काम केले, म्हणून ते रिकामे बसले होते असे समजणे अन्यायाचे ठरेल. पुढचा कथाचित्रपट, 'द सरप्राइज', थेट २०१५मध्ये आला. २०१७चा 'टुलिपानी' मुळात दिग्दर्शिका मार्लेन खोरिस करणार होत्या. त्यांची प्रकृती बिघडल्याने तो व्हॅन डीम यांच्याकडे आला.

माझ्या मते त्यांचे मोजमाप चित्रपटांच्या संख्येवरून करू नये. आधी 'कॅरॅक्टर' पाहावा.