शनिवारवाडा: राजवाडा की नुसता वाडा?

घोडबंदर रोडवरच्या एका ताईंनी विचारलं आहे. मुलाच्या शाळेची सहल पुण्याला निघाली आहे आणि पत्रकात 'शनिवारवाडा (पेशव्यांचा राजवाडा)' असं छापलंय. पुणं राजधानीच होतं ना, मग राजवाडा म्हटलं तर बिघडलं कुठे?

ताई, बिघडतं ते 'राज'पाशी. राजे साताऱ्याला होते. पेशवे त्यांचे मुख्य प्रधान. बाजीरावांच्या शिक्क्यात आधी 'राजा शाहू नरपति हर्षनिधान' आणि मग स्वतःचं नाव. १७४९ मध्ये शाहू महाराज गेले, कारभार पुण्यात एकवटला, छत्रपतींच्या हाती फारसं काही उरलं नाही. तरी पेशवाईची वस्त्रं यायची ती साताऱ्याहूनच. पुरंदरावर जन्मलेले सवाई माधवराव जेमतेम ४० दिवसांचे होते, त्यांच्यासाठीसुद्धा ती साताऱ्याहूनच आणवली. म्हणून राजवाडा साताऱ्यात आहे, कोल्हापुरात तर जुना आणि नवा असे दोन. पुण्यात मात्र वाडाच. हा भेद भाषेने इतकी वर्षं सांभाळलाय, तो आपण पत्रकापायी घालवू नये असं मला मनापासून वाटतं.

बाकी 'वाडा' हा काही कमीपणाचा शब्द नाही. मूळ संस्कृत 'वाट', म्हणजे कुंपण घातलेली जागा. (आपली चालायची वाट वेगळी, ती 'वर्त्म'पासून आली.) म्हणून गुरांचाही वाडा असतो, आणि वाडी त्याच घरातली. नौपाड्यातला 'पाडा' मात्र या घरातला नव्हे, तो 'पाटक'पासूनचा. ठाण्यात बरेच जण दोन्ही एकच धरून चालतात.

थोरल्या बाजीरावांनी पाया घातला १० जानेवारी १७३० ला आणि वास्तुशांत झाली २२ जानेवारी १७३२ ला, दोन्ही दिवस शनिवार. १८२८ च्या आगीत आतल्या इमारती जळाल्या. आज दिल्ली दरवाजातून आत शिरलं की समोर दिसतात ती जोती, आणि सभोवार तट नि बुरूज. मूळ अर्थ धरला तर वाडा अजून उभाच आहे.

'महाल'ही चालणार नाही. तो अरबीतून आला आणि पेशव्यांच्या मराठीत वाड्याच्या आतल्या दालनाला लागला: गणेश रंगमहाल, आरसेमहाल. वाड्यात महाल असत.

तेव्हा पत्रकात 'पेशव्यांचा शनिवारवाडा' एवढं पुरे. आणि शब्द जोडूनच लिहायला सांगा, कारण तो एकच सामासिक शब्द आहे. 'शनिवारवाड्यावर भेटू' म्हणजे ठिकाण ठरलं; 'शनिवारी वाड्यावर भेटू' म्हटलं तर वार ठरला, वाडा कुठला ते विचारावं लागेल.