चंडीगडला अर्धा दिवस मिळाला, तर गाइड घेऊन शहर पाहावे का?

आपला प्रश्न थोडक्यात असा आहे: आई-वडिलांना घेऊन आपण म्हापशाहून शिमल्याला निघाला आहात, वाटेत चंडीगडला सकाळपासून दुपारपर्यंतचा वेळ हाताशी आहे, आणि तेवढ्या वेळासाठी गाइड घेणे योग्य, की टॅक्सीवाला नेईल ती चार ठिकाणे पाहून पुढे निघावे. माझ्या मते गाइड अवश्य घ्यावा, परंतु रॉक गार्डन, तलाव, गुलाबांची बाग आणि मॉल ही जी ठरलेली यादी असते, तिच्यासाठी नव्हे. त्या यादीला गाइडची गरज नसते, टॅक्सी पुरते. गाइड लागतो तो शहर पाहण्यासाठी.

हे जरा स्पष्ट करतो. माझी सारी नोकरी गोव्यात बांधकामाचे नकाशे काढण्यात गेली, त्यामुळे हे शहर मी पर्यटकापेक्षा थोड्या वेगळ्या नजरेने पाहिले असेल. तरीही जुने गोवे आणि चंडीगड यांतला फरक कोणालाही जाणवण्यासारखा आहे. जुन्या गोव्यात बासिलिकेसमोर उभे राहिल्यावर काय पाहायचे ते कोणी सांगावे लागत नाही. आखून वसवलेल्या शहरात मात्र पाहण्याची गोष्ट म्हणजे कोणीतरी घेतलेले निर्णय असतात: रस्ता इतकाच रुंद का, या भिंतीला दार का नाही, दुकाने एकाच बाजूला का. टॅक्सीच्या खिडकीतून आपल्याला दिसतो एक रुंद रस्ता, दुतर्फा झाडे, मग एक मोठे वर्तुळाकार चौक, मग पुन्हा तसाच रस्ता. आपल्याकडचे कितीतरी लोक परत येऊन 'नुसती झाडे आणि चौक' असे सांगतात, आणि ते खोटेही नाही, कारण वेगाने धावणाऱ्या रस्त्यांवर घराचे किंवा दुकानाचे दार उघडू नये अशीच या शहराची आखणी आहे. घरे आत असतात; रस्त्यावरून शहर दिसत नाही.

पार्श्वभूमी आई-वडिलांना आदल्या रात्रीच सांगून ठेवावी, म्हणजे गाइडचा वेळ त्यात जाणार नाही. फाळणीत लाहोर पाकिस्तानात गेले आणि भारताकडे आलेल्या पंजाबला राजधानी उरली नाही. शिवालिक टेकड्यांच्या पायथ्याची जागा निवडण्यात आली आणि जवळच्या चंडीदेवीच्या मंदिरावरून शहराचे नाव पडले. पहिला आराखडा अमेरिकन नगररचनाकार अल्बर्ट मेयर यांचा. त्यांचे सहकारी मॅथ्यू नोविट्स्की १९५० मध्ये विमान अपघातात गेले, आणि पुढच्या वर्षी स्वित्झर्लंडमध्ये जन्मलेले फ्रेंच वास्तुरचनाकार ल कॉर्बुझिए, त्यांचे चुलतबंधू पिएर जानेरे, तसेच मॅक्सवेल फ्राय आणि जेन ड्रू हे इंग्रज दांपत्य यांच्याकडे काम आले. मेयर यांचे वळणदार रस्ते ल कॉर्बुझिए यांनी बव्हंशी सरळ केले. सगळे श्रेय त्या एकट्यांना देण्याची प्रथा आहे, ती मला पटत नाही. ते अधूनमधून येऊन जात, जानेरे मात्र १९६५ पर्यंत तेथेच राहिले. आणि त्यांच्याबरोबर राबलेल्या भारतीय वास्तुरचनाकारांत आदित्य प्रकाश, यूली चौधरी, एम. एन. शर्मा यांच्यासह ए. आर. प्रभावळकर हेही होते. आपला गाइड यांपैकी दोन नावे जरी आपणहून घेत असेल, तरी त्याला चांगला समजावे.

आता अर्ध्या दिवसाचा मुख्य भाग: सेक्टर १ मधील कॅपिटॉल कॉम्प्लेक्स. येथे स्वतःहून हिंडता येत नाही. सचिवालय, विधानसभा आणि उच्च न्यायालय ही तिन्ही चालती सरकारी कार्यालये आहेत, शिवाय १९९५ मध्ये पंजाबचे मुख्यमंत्री बेअंत सिंग यांची हत्या याच सचिवालयासमोर बॉम्बस्फोटात झालेली असल्यामुळे बंदोबस्त कडक असतो. पर्यटन विभागाच्या ठरलेल्या वेळांच्या फेरीतूनच आत जाता येते आणि प्रत्येकाचे मूळ ओळखपत्र लागते. फेरीची वेळ आदल्या दिवशी निश्चित करून घ्यावी आणि बाकीची सकाळ तिच्याभोवती बसवावी, उलट नव्हे. अधिवेशन चालू असेल तर विधानसभेच्या आत सोडत नाहीत. २०१६ पासून हा परिसर जागतिक वारसा यादीत आहे. सात देशांतील ल कॉर्बुझिए यांच्या १७ वास्तूंची जी एकत्रित नोंद झाली, तीत भारतातील हीच एक जागा आहे.

उच्च न्यायालयापाशी घाई करू नये. हिरवा, पिवळा आणि तांबडा असे तीन प्रचंड खांब सगळ्यांचे लक्ष वेधून घेतात, पण खरी कल्पना माथ्यावर आहे. इमारतीचे छत एक आणि त्याच्यावर अंतर सोडून उभारलेले दुसरे छत, म्हणजे ऊन वरच्यावर अडते आणि मधल्या पोकळीतून वारा खेळतो. दर्शनी भागावरची काँक्रीटची खोल जाळीही उन्हासाठीच. इतके करूनही न्यायदालनांच्या दारांवर पाऊस आणि ऊन येतच राहिले, तेव्हा पुढे तेथे व्हरांडा वाढवावा लागला. गोव्यातल्या कोणत्याही जुन्या घराच्या बलकांवात, म्हणजे दारापुढच्या छपरी ओसरीत, बसलेल्या आजीने हा सल्ला पहिल्याच दिवशी दिला असता, असे माझ्या मनात आले. परंतु सरळसोट आकृतीच्या मोहात मोठी माणसेही सापडतात, आणि ते अशा जागी समजते म्हणूनच मला हा व्हरांडा खांबांइतकाच पाहण्यासारखा वाटतो. बहुतेक गाइड त्याच्याबद्दल बोलत नाहीत. आपण विचारावे.

विधानसभेच्या छतावर एक वरती निमुळती होत जाणारी गोल, पोकळ मनोरी आहे. अहमदाबादेत साबरमतीकाठच्या वीजकेंद्राचे थंडावा देणारे मनोरे ल कॉर्बुझिए यांनी पाहिले होते, त्यांच्यावरून तो आकार घेतला आणि सभागृहाला वरून उजेड येईल अशी योजना केली. बाजूला दुसऱ्या सभागृहावर पिरॅमिड आहे. ते मुळात पंजाबच्या विधान परिषदेसाठी बांधले होते. १ नोव्हेंबर १९६६ रोजी हरियाणा वेगळा झाला, चंडीगड केंद्रशासित प्रदेश आणि दोन्ही राज्यांची राजधानी ठरले, आणि त्या लहान सभागृहात हरियाणाची विधानसभा भरू लागली. एकाच छपराखाली दोन राज्यांच्या विधानसभा आहेत. पर्वरीला आपली विधानसभा पाहिलेल्या माणसाला येथली भव्यता जाणवेल, पण इमारतींमधली अंतरे तितकीच खुपतील: सचिवालय २५४ मीटर लांब, आणि त्याच्यापासून न्यायालयापर्यंत काँक्रीटचे विस्तीर्ण मोकळे पटांगण, जेथे सावली जवळपास नाही. मूळ योजनेत मागे राज्यपालांचा प्रासाद होता, तो कधीच बांधला गेला नाही. त्यामुळे एका बाजूला जी मोकळीक वाटते ती ठरवून ठेवलेली नाही, उरलेली आहे. 'ओपन हँड' हे उघड्या हाताच्या आकाराचे, वाऱ्याबरोबर फिरणारे २६ मीटर उंचीचे स्मारकही ल कॉर्बुझिए यांच्या निधनानंतर वीस वर्षांनी, १९८५ मध्ये उभे राहिले.

येथून गाइड आपल्याला सरळ रॉक गार्डनकडे नेऊ पाहील, कारण ते अगदी शेजारी आहे. तेव्हा त्याला आधी एखाद्या वस्तीच्या सेक्टरमध्ये पाऊण तास चालवायला सांगावे. सुरुवातीच्या सेक्टरांपैकी २२ मला सर्वांत योग्य वाटतो. सेक्टर म्हणजे साधारण ८०० मीटर बाय १२०० मीटरचा चौकोन, ज्यात शाळा, दवाखाना, बाजार आणि हिरवळ चालत पोचण्याच्या अंतरावर असावी असा हेतू. रस्त्यांच्या सात श्रेणी केलेल्या आहेत: बाहेरगावाहून येणारा मोठा रस्ता पहिला, सेक्टरच्या कडेने वेगाने जाणारा तिसरा, सेक्टरमधून आडवा जाणारा बाजाराचा चौथा, घराच्या दाराशी येणारा सहावा, आणि हिरव्या पट्ट्यातून जाणारी पाऊलवाट सातवी. बाजाररस्त्यावर पायी चालणाऱ्याला सावली मिळावी म्हणून दुकाने एकाच बाजूला ठेवली आहेत. मोठ्या रस्त्यांना झाडांच्या जाती ठरवून दिल्या, त्यामागे सनदी अधिकारी एम. एस. रंधावा यांचा मोठा वाटा होता. हे सारे पुस्तकात वाचून कंटाळवाणे वाटते. चौथ्या श्रेणीच्या रस्त्यावर उभे राहून डावी-उजवी बाजू पाहिली की दोन मिनिटांत कळते.

त्याच फेरीत सरकारी घरे पाहावीत. फ्राय, ड्रू आणि जानेरे यांनी मुख्यमंत्र्यापासून शिपायापर्यंत पगारानुसार घरांचे १३ प्रकार ठरवले होते. सर्वांत खालच्या प्रकारातही दोन खोल्या, स्वयंपाकघर, संडास आणि अंगण होते, ही त्या काळी साधी गोष्ट नव्हती. परंतु पगाराप्रमाणे माणसे वेगवेगळ्या भागांत बसवण्याची ही पद्धत मला अजूनही बोचते. आपल्या फोंड्यात किंवा मडगावात एकाच वाड्यावर भाटकार (जमीनमालक) आणि मुंडकार (त्याच्या जमिनीवर घर करून राहणारे कूळ) यांची घरे असत. तिथला अन्याय मी लपवीत नाही, पण एकमेकांची दारे तरी दिसत होती.

यानंतर रॉक गार्डन पाहिले म्हणजे त्याचा अर्थ निराळा लागतो. शहरासाठी अनेक गावे उठवण्यात आली. काही गावे सेक्टरांच्या पोटात शिल्लक राहिली, उदाहरणार्थ सेक्टर ४५ मधील बुडैल, आणि कोमुनिदादीच्या, म्हणजे गावाच्या सामायिक मालकीच्या, जमिनीवरून आयुष्यभर वाद ऐकलेल्या गोंयकाराने एकदा नकाशावर ती शोधून पाहावीत. जी गावे पाडली, त्यांच्या ढिगाऱ्यातले दगड, फुटक्या बांगड्या, कपबश्या, फरशा आणि विजेचे तुटके सामान नेक चंद नावाचे रस्त्यांचे निरीक्षक सायकलवरून जंगलात नेत असत. १९५७ च्या सुमारास त्यांनी हे काम गुपचूप सुरू केले, तेही जेथे बांधकामाला बंदी होती अशा जागेत. सत्तरीच्या दशकात अधिकाऱ्यांना पत्ता लागला तेव्हा पुतळ्यांचे एक सबंध राज्य तेथे उभे होते. ते पाडण्याऐवजी १९७६ मध्ये लोकांना खुले केले गेले आणि १९८४ मध्ये नेक चंद यांना पद्मश्री मिळाली. ज्या शहरात कोणा व्यक्तीचा पुतळा उभारू नये असे त्याच्या रचनाकाराने लिहून ठेवले, त्याच शहरात सर्वांत जास्त गर्दी खेचणारी जागा फुटक्या कपांच्या पुतळ्यांची असावी, यातली गंमत कॅपिटॉलहून थेट आलेल्यालाच चाखता येते. यादीतला क्रम उलटा केला तर ती निसटते.

बाग म्हणून सांगायचे, तर वाटा अरुंद आहेत, काही कमानी इतक्या बुटक्या की वाकावे लागते, आणि एकदा आत शिरल्यावर बाहेर पडायला तासभर लागतो. वडिलांचे गुडघे दुखत असतील तर हे आधीच लक्षात घ्यावे.

सुखना तलाव तेथून जवळच आहे. शिवालिकातून येणारा हंगामी ओढा १९५८ मध्ये बांध घालून अडवला, आणि बांधावर मोटारी येऊ नयेत हा ल कॉर्बुझिए यांचा आग्रह आजही पाळला जातो. मांडवीकाठी वाढलेल्या माणसाने पाण्यासाठी तेथे जाऊ नये. जायचे तर त्या वाहनमुक्त बांधावरून चालण्यासाठी जावे, पंधरा मिनिटे पुरतात. जानेरे यांच्या अस्थी त्यांच्या इच्छेनुसार याच तलावात विसर्जित केल्या. गुलाबांची बाग फेब्रुवारी-मार्चखेरीज सोडून द्यावी. सेक्टर १० मधील संग्रहालयात गांधार शैलीची शिल्पे आहेत, लाहोरच्या संग्रहाची वाटणी होऊन भारताच्या वाट्याला आलेली. इमारतही ल कॉर्बुझिए यांचीच आहे. सोमवारी ते बंद असते, आणि पाहायचेच असेल तर सुखना वगळावा. दोन्ही बसवू नयेत.

गाइड ठरवताना दोन गोष्टी विचाराव्यात: कॅपिटॉलच्या फेरीची नोंदणी तो करून देईल का, आणि सेक्टरमध्ये पायी नेईल का. दुसऱ्या प्रश्नावर त्याने 'तिथे पाहण्यासारखे काही नाही' असे म्हटले तर दुसरा गाइड शोधावा. दुपारची खरेदी सेक्टर १७ च्या चौकात उरकता येते, तेथे वाहने नसल्यामुळे आईला निवांत फिरता येईल. मे-जूनमध्ये जात असाल तर सकाळची पहिलीच फेरी घ्यावी, कारण त्या काँक्रीटच्या पटांगणावर दुपारचे ऊन आपल्या समुद्रकाठच्या उन्हापेक्षा कितीतरी कोरडे आणि कडक असते; आणि डिसेंबरअखेर ते जानेवारीत जात असाल तर धुक्यामुळे गाड्या व विमाने उशिरा पोचतात, तेव्हा पोचल्याच्या दिवशी फेरी ठेवण्याऐवजी मुक्काम करून दुसऱ्या सकाळी ती घ्यावी आणि मग शिमल्याच्या वाटेवरील कालक्याकडे निघावे.