‘त्या तुकड्यात माझ्या मुलाचं काही गेलं का?’

प्रश्न : माझा मुलगा १९ वर्षांचा आहे. अकराव्या वर्षापासून त्याला फिट्स येत. औषधांनी थांबेनात, म्हणून आठ महिन्यांपूर्वी मुंबईत त्याच्या मेंदूचं ऑपरेशन झालं. तेव्हापासून एकही फिट आलेली नाही. ऑपरेशनआधी एका फॉर्मवर त्याची आणि माझी सही घेतली. काढलेला भाग संशोधनासाठी वापरायला आमची हरकत नाही, असं त्यात लिहिलं होतं. परवा पेपरात मेंदूच्या पेशींचं रंगीत चित्र पाहिलं आणि माझी झोपच उडाली. त्या तुकड्याचं हे लोक काय करतात? त्यात माझ्या मुलाचं काही गेलं का? आठवणी वगैरे?
— एक आई, नाशिक

उत्तर : तुमचं पत्र मी चार वेळा वाचलं. मुंबईच्या एका मेडिकल कॉलेजात शरीररचनाशास्त्र शिकवताना ३१ वर्षं मी इलेक्ट्रॉन मायक्रोस्कोपसाठी मेंदूचे काप केले. त्यातली कित्येक वर्षं मी ऑपरेशन थिएटरच्या दाराशी, बर्फ भरलेला थर्मास मांडीवर घेऊन बसत असे. त्याच बाकावर शेजारी कुणाची आई, कुणाचा नवरा बसलेला असायचा. मी कशासाठी थांबले आहे हे त्यांना ठाऊक नसायचं आणि ते विचारतही नसत. तुम्ही विचारलंत, म्हणून सगळं सांगते.

आधी भीतीबद्दल. औषधांना दाद न देणाऱ्या फिट्ससाठी मोठ्या माणसांत सर्वांत जास्त होणारं ऑपरेशन कानशिलाच्या आतल्या भागाचं असतं. फिट जिथून सुरू होते ती जागा पुष्कळदा खोलवर, हिप्पोकॅम्पस नावाच्या भागात असते. तिथवर पोचायचं तर वरचा थोडा भाग काढावाच लागतो. संशोधनाला मिळतो तो बहुधा हा वाटेतला भाग. कुणी संशोधनासाठी जास्तीचं कापत नाही. काढलेल्यातलं जे निदानासाठी लागतं ते आधी पॅथॉलॉजीकडे जातं, उरलं तरच आमच्यासारख्यांच्या बाटलीत येतं. बाटलीवर नाव नसतं, नंबर असतो.

आठवणींचं म्हणाल, तर आठवण डब्यातल्या नाण्यासारखी एका जागी ठेवलेली नसते. असंख्य पेशींमधल्या जोडण्या कुठे घट्ट, कुठे सैल असतात, आणि त्या घट्ट-सैलपणात ती पसरलेली असते. काढलेल्या भागात अशा जोडण्या होत्या, हे तुमच्यापासून लपवणार नाही. म्हणूनच ऑपरेशनआधी स्मरणशक्तीच्या लांबलचक चाचण्या घेतात. त्याला शब्द सापडायला वेळ लागतो, वाचलेलं टिकत नाही, असं काही जाणवत असेल तर ‘फिट्स तर थांबल्या ना’ म्हणून गप्प बसू नका. पुढच्या तपासणीत डॉक्टरांना सांगा. आणि प्रयोगशाळेत बसून कुणी त्याच्या आठवणी वाचतंय असं वाटत असेल, तर ते मनातून काढून टाका. मायक्रोस्कोपला जोडण्या दिसतात. वाड्याचं सगळं वायरिंग पाहिलं, तरी काल रात्री कुठल्या खोलीत दिवा जळत होता ते कळत नाही.

आता त्या तुकड्याचं काय होतं ते.

सर्जनच्या हातातून तो निघाला की मिनिटं मोजायची असतात. रक्त थांबलं की पेशी आतून फुगू लागतात. म्हणून थर्मासमध्ये ग्लुटराल्डिहाइडचं थंड द्रावण तयार ठेवायचं. तुकडा त्यात पडला की आतली प्रथिनं जागच्या जागी बांधली जातात. मग मोहरीएवढे भाग करायचे आणि ऑस्मियमच्या द्रावणात ठेवायचे. ऑस्मियम हा जड धातू, तो पेशींच्या स्निग्ध पडद्यांना धरून बसतो. पांढुरका तुकडा बघता बघता काळ्या तिळासारखा होतो. पुढे युरेनियम आणि शिशाचे क्षार. मग पाणी पूर्ण काढून त्याजागी रेझिन भरायचं आणि ६० अंशांच्या ओव्हनमध्ये दोन दिवस ठेवायचं. हाती येतो प्लास्टिकचा कडक ठोकळा, त्याच्या टोकाला तो तीळ.

हा ठोकळा अल्ट्रामायक्रोटोमवर, म्हणजे अतिशय पातळ काप काढणाऱ्या यंत्रावर, कापतात. आमच्याकडे सुरुवातीला हिऱ्याची सुरी नव्हती. जाड काचेची पट्टी आम्हीच मोडून सुऱ्या करायचो, आणि एका सुरीला जेमतेम थोडेच चांगले काप मिळायचे. काप सुरीमागच्या इवल्या पाण्यावर तरंगतो. त्याची जाडी रंगावरून ओळखायची : रुपेरी दिसला तर ६० ते ९० नॅनोमीटर (एक नॅनोमीटर म्हणजे मिलिमीटरचा दहा लाखावा भाग), सोनेरी दिसला तर जाड झाला, टाकून द्यायचा. त्याला बोट लावता येत नाही, चिमटा चालत नाही. लाकडी काडीच्या टोकाला पापणीचा एक केस नेलपॉलिशनं चिकटवायचा आणि त्या केसानं काप हळूच ढकलायचा. माझ्या काडीवर धाकट्या बहिणीच्या पापणीचा केस होता, तो मी नऊ वर्षं वापरला. काप करताना श्वाससुद्धा वळवून सोडायचा. पावसाळ्यात एसी बंद पडला की त्या दिवशीचं काम संपलं.

एकदा मी चुकीच्या दाराशी बसले. तुकडा आत सलाइनमध्ये चाळीस मिनिटं तसाच राहिला. पुढचं सगळं नीट केलं, पण मायक्रोस्कोपखाली पाहिलं तर पेशींतले ऊर्जा बनवणारे मायटोकाँड्रिया पुरीसारखे टम्म फुगलेले, चेतापेशी आक्रसून काळ्या पडलेल्या. त्या माणसानं विश्वासानं दिलेला तुकडा माझ्यामुळे वाया गेला. ती बाटली आणि तिच्यावरचा नंबर अजून माझ्या डोळ्यांसमोर आहे.

तुम्ही पाहिलेलं चित्र बहुधा अमेरिकेतल्या एका नमुन्याचं असावं. ४५ वर्षांच्या एका स्त्रीचं फिट्ससाठीच ऑपरेशन झालं. हिप्पोकॅम्पसपर्यंत जाताना वाटेतला जो भाग काढावा लागला, त्याचा एक कण हार्वर्डच्या जेफ लिक्टमन यांच्या गटानं घेतला. सगळा मिळून एक घन मिलिमीटर, तोही पापडासारखा चपटा : सुमारे तीन मिलिमीटर लांब, दोन रुंद आणि जाडी जेमतेम पाव मिलिमीटरही नाही. त्याचे पाच हजारांवर काप केले, प्रत्येक तीसेक नॅनोमीटरचा. आपल्या एका केसाच्या जाडीत असे अडीच हजार काप बसतील. हे काम यंत्र करतं, काप आपोआप फितीवर चढत जातात. मग स्कॅनिंग इलेक्ट्रॉन मायक्रोस्कोपनं कित्येक महिने त्यांचे फोटो काढले. शेतात नांगर तासामागून तास धरत जातो, तसा इलेक्ट्रॉनचा झोत कापावरून ओळीनं फिरतो. जिथं जड धातू आहे तिथून इलेक्ट्रॉन जास्त उलटे फिरतात, आणि त्यावरून चित्र तयार होतं. इथं एकाच वेळी ६१ झोत फिरत होते.

चित्र निघतं ते करडं. तुम्हाला दिसलेले निळे, पिवळे, जांभळे रंग पेशींचे नाहीत. एका कापातली पेशी पुढच्या कापात कुठं गेली याचा माग गूगलच्या संगणकांनी काढला आणि एकीपासून दुसरी वेगळी कळावी म्हणून प्रत्येकीला रंग दिला. मे २०२४ मध्ये ‘सायन्स’ नियतकालिकात हे काम छापून आलं. त्या कणात ५७ हजार पेशी आहेत. त्यांतल्या चेतापेशी १६ हजारांच्या आसपास, आणि त्यांना सांभाळणाऱ्या ग्लिया पेशी त्यांच्या दुप्पट. रक्तवाहिन्या २३० मिलिमीटर. जोडण्या १५ कोटी. माहिती १४ लाख जीबी.

त्यात एक गोष्ट दिसली जी मला फार महत्त्वाची वाटते. एका पेशीचा तंतू दुसऱ्या पेशीला बहुतेक वेळा एकाच ठिकाणी भेटतो. पण क्वचित एखादा तंतू त्याच पेशीला पन्नासाहून जास्त ठिकाणी भेटलेला सापडला. असं घट्ट नातं आहे, हे माणसाच्या मेंदूत कुणी असं मोजून दाखवलं नव्हतं. उंदराच्या मेंदूवर कितीही काम केलं तरी माणसाच्या मेंदूत काय आहे ते माणसाच्याच तुकड्यातून कळतं, आणि जिवंत, ताजा तुकडा फक्त अशा ऑपरेशनमधूनच मिळू शकतो. तो सगळा नकाशा इंटरनेटवर कुणालाही मोफत पाहता येतो. त्या स्त्रीचं नाव त्यावर नाही.

तुमच्या फॉर्मची एक प्रत तुमच्याकडे असायला हवी. नसेल तर मागून घ्या. त्यावर संशोधकाचा आणि नैतिकता समितीचा फोन नंबर असतो. आयसीएमआरच्या (भारतीय वैद्यकीय संशोधन परिषदेच्या) २०१७ च्या मार्गदर्शक तत्त्वांप्रमाणे दिलेली संमती मागे घेता येते, त्यासाठी कारण द्यावं लागत नाही आणि उपचारात फरक पडत नाही. मुलगा सज्ञान आहे, त्याला विचारून ठरवा. फोन करून ‘त्याचं काय झालं’ एवढंच विचारलंत तरी चालेल. मी त्या खुर्चीत असते, तर तुम्हाला बोलावून काप दाखवला असता.

प्रश्न : पुस्तकात लिहिलंय की एसईएमनं (स्कॅनिंग इलेक्ट्रॉन मायक्रोस्कोपनं) पृष्ठभाग दिसतो आणि टीईएमनं (ट्रान्समिशन इलेक्ट्रॉन मायक्रोस्कोपनं) आतली रचना. मग मेंदूच्या आतल्या जोडण्या एसईएमनं कशा पाहतात?
— बारावी विज्ञान, सांगली

उत्तर : पुस्तक बरोबर आहे आणि तुझी शंकाही बरोबर. टीईएममध्ये इलेक्ट्रॉन कापाच्या आरपार जातात. एसईएममध्ये ते पृष्ठभागावर आपटून परततात. पण आतला भाग कापून उघडा केला, की तोच पृष्ठभाग होतो ना! मुळ्याची चकती वर धरून उजेडात बघ, किंवा चकती फेकून देऊन उरलेल्या मुळ्याचं ताजं तोंड बघ. दुसरी रीत एसईएमची. जर्मनीत विनफ्रीड डेंक आणि हाइन्झ हॉर्स्टमन यांनी २००४ मध्ये मायक्रोटोमच मायक्रोस्कोपच्या निर्वात पेटीत बसवला. वरचा पातळ थर कापायचा, खालच्या ताज्या तोंडाचा फोटो, पुन्हा कापायचं. काप हाताळायचाच नाही, त्यामुळे तो सुरकुततो, फाटतो, हरवतो, हे सगळं टळलं. माझी पापणीची काडी तिथं लागतच नाही. सुरीऐवजी आयनांच्या झोतानं थर खरवडायची रीतही आली, आणि २०२० मध्ये तिच्यामुळे फळमाशीच्या मेंदूच्या मोठ्या भागाचा, सुमारे २५ हजार चेतापेशींचा नकाशा मिळाला.

हे सगळं कशासाठी, तर दोन चेतापेशींमधल्या एका फटीसाठी. इटलीच्या गोल्जी यांनी १८७३ मध्ये चांदीच्या क्षारानं चेतापेशी काळ्या करून दाखवल्या, पण त्यांचं मत होतं की सगळं एकसंध जाळं आहे. स्पेनच्या काहाल यांनी गोल्जींचीच रीत वापरून सांगितलं की प्रत्येक पेशी स्वतंत्र आहे. १९०६ चं नोबेल दोघांना एकत्र मिळालं, तिथंही त्यांचं पटलं नाही. दोन पेशींमधली फट सुमारे २० नॅनोमीटरची आणि प्रकाशाच्या मायक्रोस्कोपची मजल २०० पर्यंत. १९५० च्या दशकात इलेक्ट्रॉन मायक्रोस्कोपनं फट दाखवली. काहाल १९३४ मध्येच गेले होते. मला याचं फार वाईट वाटतं.

प्रश्न : मी ७१ वर्षांचा आहे, देहदानाचा फॉर्म भरला आहे. माझ्या मेंदूवर असा अभ्यास होईल का?
— एक निवृत्त शिक्षक, कोल्हापूर

उत्तर : असा नाही होणार, आणि कारण वर आलंच आहे : चाळीस मिनिटांनी काय होतं ते मी पाहिलंय. देहदानात मृत्यूनंतर शरीर कॉलेजात पोचायलाच काही तास जातात. तोवर सूक्ष्म जोडण्या जशाच्या तशा राहत नाहीत. पण डोळ्यांना दिसणारी मेंदूची रचना उत्तम टिकते. माझ्या पहिल्या वर्षाच्या मुलांनी हिप्पोकॅम्पस पहिल्यांदा हातात धरला तो तुमच्यासारख्याच कुणाचा. पुढे न्यूरोसर्जन झालेले काहीजण त्यात होते. फक्त मेंदू द्यायचा असेल तर बंगळुरूच्या निमहान्स या मेंदू आणि मनोविकारांच्या संस्थेत ब्रेन बँक आहे, पण तिथंही वेळ पाळावी लागते आणि कोल्हापूरहून ते कठीण आहे. तुमचा फॉर्म आहे तसा राहू द्या. कॉलेजचा फोन नंबर मात्र घरातल्या सगळ्यांच्या मोबाइलमध्ये आजच घालून ठेवा, कारण तो फोन त्यांनाच करायचा आहे.