युद्धानंतरच्या टोकियोतल्या बार-होस्टेसवर एकच चित्रपट पाहायचा तर कोणता?

मिकिओ नारुसेचा १९६० सालचा ‘ओन्ना गा काइदान ओ आगारु तोकी’, म्हणजे ‘बाई जिना चढते तेव्हा’. कृष्णधवल, १११ मिनिटं. हिदेको ताकामिने केइको झाली आहे: विधवा, तिशीच्या उंबरठ्यावर, गिन्झा या टोकियोतल्या उंची वस्तीतल्या बारची ‘मामा’, म्हणजे बार सांभाळणारी मुख्य होस्टेस. सिनेमाची वेशभूषाही ताकामिनेचीच, तेव्हा किमोनोंकडे लक्ष ठेवा.

बघताना पैशांचा हिशेब सोडू नका, खरं कथानक तिथेच आहे. गिऱ्हाईक पितं उधारीवर, वसुली मामाच्या गळ्यात. महागडा किमोनो, अत्तर, बऱ्या वस्तीतलं घर हा धंद्याचाच खर्च, तो टाळला तर गिऱ्हाईक दुसऱ्या बारकडे वळतं. वर आई, भाऊ, आजारी पुतण्या आहेतच. म्हणून लग्न की स्वतःचा बार, एवढे दोनच रस्ते उरतात आणि दोन्हींना पुरुषाचाच पैसा लागतो.

अनेकांची गल्लत होते: ही गेइशा नव्हे. गेइशा शामिसेन (तीन तारांचं वाद्य), नृत्य शिकलेली असते; होस्टेसचं काम सोबत बसणं, ग्लास भरणं, बोलणं. गेइशांसाठी दिग्दर्शक केन्जी मिझोगुचीचा ‘गिओन बायाशी’ (१९५३) बघा. त्याचाच ‘आकासेन चिताई’ (१९५६) योशिवारा या टोकियोतल्या वेश्यावस्तीतल्या बायकांवर आहे. वेश्याव्यवसायविरोधी कायद्याची चर्चा चालू असतानाचा.

नारुसेकडे आरडाओरडा नाही, त्यामुळे पहिला अर्धा तास संथ वाटेल. जिन्याचे प्रसंग मात्र नीट पाहा. वर बारमध्ये पोचेपर्यंत केइकोचा चेहरा बदललेला असतो.